त्यांच्या विनयासाठी टाळ्या

निवृत्त झालेले मास्तर एक तर देवळाच्या विश्वस्त मंडळात घुसतात, नाहीतर सकाळी फिरायला जाऊन दिसेल त्याला प्राणायाम शिकवतात. मला दोन्ही जमलं नाही. सेलूच्या घरात बसून मी बायकोच्या स्वयंपाकात चुका काढायला लागलो, तेव्हा तिनं पुण्याच्या लेकीला फोन केला आणि लेकीनं मला भाषांतराचं काम लावून दिलं. इंटरनेटवरचा एक ज्ञानकोश आहे, त्यासाठी परदेशी माणसांची लहान लहान चरित्रं मराठीत करायची. एक चरित्र म्हणजे पानभर मजकूर. दुपारी जेवण झालं की मी बसतो आणि चहापर्यंत एक माणूस जन्मतो, कर्तृत्व गाजवतो आणि मरतो.

गेल्या पंधरवड्यातला माणूस अमेरिकेतला होता, एकोणिसाव्या शतकातला. त्यांच्याकडच्या एका राज्याच्या विधिमंडळात दोनदा निवडून गेलेला, म्हणजे आपल्या भाषेत आमदार. त्याचं नाव लिहीत नाही. लिहून तुम्हाला काही उमगणार नाही, मलाही ते त्या दुपारपर्यंत माहीत नव्हतं. शेतकऱ्याच्या घरी जन्म. हिवाळ्यात शाळा, उन्हाळ्यात शेत, एवढंच शिक्षण. पुढं स्वतःची जमीन, लोकर पिंजायची एक छोटी गिरणी, गावच्या कारभारात उठबस, मग विधिमंडळ. तिथं रस्ते आणि पुलांच्या समितीवर नेमणूक. सभागृहात फारसा बोलत नसे. तिसऱ्यांदा उभा राहिला तेव्हा पडला, मुकाट्यानं गावी आला आणि पुन्हा शेती करायला लागला. म्हातारपणी लोक भांडणतंटे घेऊन त्याच्या ओसरीवर यायचे. गावच्या नदीवरचा लाकडी पूल त्याच्या खटपटीनं झाला.

माझा हात झरझर चालला होता. असली वाक्यं मला डोळे मिटून लिहिता येतात, कारण तीस वर्षं मी तीच लिहीत आलोय. मग शेवटचं वाक्य आलं. ‘पुलाचं श्रेय तो मरेपर्यंत नाकारत राहिला, यावरून त्याच्या विनयाची कल्पना येते.’

तिथं मी पेन ठेवलं. त्याला आज अकरा दिवस झाले. लेकीचा दोनदा फोन आला. ‘बाबा, पानभर तर आहे, त्यात एवढं काय अवघड आहे?’ मी तिला म्हणालो, डोळ्यांतून पाणी येतंय. ते खोटं होतं. खरं काय आहे ते इथं लिहितो.

आमच्या भागात सत्कार हे एक पीकच आहे. वाढदिवस असो, निवृत्ती असो, निवडणूक जिंकलेली असो की हरलेली असो, शाल, श्रीफळ, फेटा आणि मानपत्र ठरलेलं. सेलूपासून जिंतूर-पाथरीपर्यंत मानपत्र म्हटलं की लोक माझ्याकडं यायचे. मीच लिहायचो, मीच व्यासपीठावर वाचायचो आणि सूत्रसंचालनही मीच करायचो. माझी कामाची पद्धत सोपी होती. एक जुनं मानपत्र पुढं घ्यायचं, नाव-गाव बदलायचं, कार्यकर्त्यांनी चिठ्ठीवर लिहून आणलेले चार मुद्दे मध्ये बसवायचे. अजातशत्रू, मितभाषी, विकासाचे शिल्पकार ही विशेषणं कुणालाही चालतात. भावाशी कोर्टात भांडणाऱ्यालाही मी अजातशत्रू म्हटलंय आणि भाऊ समोर बसून टाळ्या वाजवत होता. एकदा निवृत्त होणाऱ्या नर्सबाईंच्या मानपत्रात ‘सहकाराचे दीपस्तंभ’ तसंच राहून गेलं. तेही कुणाला खटकलं नाही. उलट बाईंनी दुसऱ्या दिवशी पेढे पाठवले. त्यामुळं माझी अशी खात्रीच झाली होती की मानपत्र कुणी ऐकत नाही.

चार वर्षांपूर्वी येलदरीच्या बाजूच्या एका गावातून तीन पोरं मोटारसायकलवर आली. त्यांच्या गावच्या माजी आमदारांना ऐंशी पूर्ण होत होती. हे गृहस्थ फार पूर्वी एका पंचवार्षिकपुरते आमदार होते. पुढच्या वेळी पडले, नंतर उभे राहिले नाहीत. सगळा भाग त्यांना आबा म्हणायचा. पांढरं धोतर, करकरीत इस्त्रीचा सदरा, आवाज खर्जातला. पोरं म्हणाली, ‘सर, आबा सत्काराला कधीच हो म्हणत न्हाईत. ह्या बारीला कसं काय की, स्वतःहून म्हणाले, करा. पण गावातच करा म्हणाले, अन् सगळ्या गावाला बोलवा.’

मी तेव्हा विचारायला हवं होतं की ह्या वेळी कशामुळं हो म्हणाले. विचारलं नाही. चिठ्ठी घेतली. पहिला मुद्दा होता : गावच्या ओढ्यावर पूल आणला. मी लिहिलं, ‘ज्या ओढ्याच्या पुरानं गावाची वाट अडवली होती, त्यावर आबांच्या अथक प्रयत्नांतून पूल उभा राहिला.’ वाक्य चांगलं जमलं होतं. दोनदा मोठ्यानं वाचून बघितलं, आवाज कुठं चढवायचा तेही ठरवलं.

कार्यक्रम शाळेच्या मैदानात, दुपारी होता. पाहुणे उशिरा आले, म्हणजे वेळेवर आले असं धरायचं. बायका एका बाजूला बसल्या होत्या. त्यांत अगदी पुढं एक म्हातारी होती, हिरवं लुगडं, कपाळ मोकळं, मांडीवर हात. ती पुढं बसायला तयार नव्हती, आबांनीच माणूस पाठवून तिला पुढं आणून बसवलं होतं. मी ते पाहिलं होतं. मनात म्हटलं, असेल नात्यातली कुणी.

मी मानपत्र वाचलं. पुलाच्या वाक्याला टाळ्या पडल्या. मग उत्तरादाखल बोलायला आबा उठले. मुख्य पाहुणे घड्याळाकडं बघत होते, त्यांना पुढं आणखी एक सत्कार होता. आबांनी माइक हातात घेतला आणि काही आभार-बिभार न मानता एकदम म्हणाले, ‘सरांनी आत्ता जे वाचलं ते खरं न्हाई. हा पूल मी आणला न्हाई. ही पुढं बसलीय ना, हिच्या मालकानं आणला. मेंढरं घेऊन रस्त्यावर बसला त्यो, तव्हा पूल झाला.’

आणि गाव हसलं. आधी पोरं हसली, मग पुरुष, मग बायकाही. आबा थांबले. त्यांना बहुतेक हसू थांबायची वाट बघायची होती. त्यांचा एक हात त्या म्हातारीकडं केलेला तसाच होता.

व्यासपीठावर कुणी बोलायचं थांबलं की मला राहवत नाही. सूत्रसंचालकाचा हा रोग आहे. पाहुण्यांनी पुन्हा घड्याळ बघितलं आणि मी पुढं होऊन आबांच्या हातातून माइक घेतला. हिसकावला नाही, आदरानं घेतला, दोन्ही हातांनी. म्हणालो, ‘मित्रहो, फळांनी लगडलेलं झाड कसं वाकतं ते आज आपण पाहिलं. एवढं मोठं काम करून त्याचं श्रेय एका साध्या मेंढपाळाला देणारा नेता आज कुठं मिळेल? आबांच्या या विनयासाठी एकदा जोरदार टाळ्या झाल्या पाहिजेत!’

टाळ्या इतक्या झाल्या की माझाच ऊर भरून आला. आबा काहीतरी बोलत होते, ओठ हलताना दिसत होते. मी पाहुण्यांचं नाव पुकारलं. आबा खाली बसले.

निघताना गाडीपाशी त्यांनी माझं मनगट धरलं. ऐंशीच्या माणसाची पकड वाटत नव्हती ती. ‘मास्तर, तुमी मला बोलू दिलं न्हाई.’

मी हसलो. ‘आबा, हा तुमचा मोठेपणा आहे.’

‘मोठेपणा न्हाई,’ ते म्हणाले. ‘ह्याच्यासाठीच तर सत्कार करून घेतला म्या. एकदा घरी या. सगळं सांगतो.’

महिन्याभरानं गेलो, तेही जिंतूरला दुसरं काम निघालं म्हणून. आबा ओसरीवर पलंगावर बसले होते. सुनेनं चहा आणून ठेवला, तो निवून गेला तरी ते सांगतच होते. मी इथं थोडक्यात लिहितो.

ते आमदार असताना पूल मंजूर झाला. जागा ठरायची होती. आबांनी ती खालच्या अंगाला ठरवून घेतली, कारण तिकडं त्यांच्या सोयऱ्यांची शेतं होती. गावात एक मेंढरंवाला होता, वर्षातले आठ महिने कळप घेऊन हिंडणारा. त्याला ओढा पाठ होता. दर पावसाळ्यात पाणी जिथपर्यंत चढेल तिथं तो काठावरच्या बाभळीला घोंगडीची चिंधी बांधून ठेवायचा. बाभळीवर अशा कितीतरी चिंध्या, एकीवर एक. कळप कुठून उतरवायचा ते ठरवायला त्याची ती पद्धत होती. तो आबांकडं आला आणि म्हणाला, खालच्या अंगाला पूल बांधू नका, तिथं काठ खचतो. आबांनी त्याला ओसरीच्या पायरीवरूनच परत पाठवलं.

मग जागा बघायला इंजिनियर यायचा होता, तेव्हा हा गडी मेंढरं घेऊन रस्त्यावर बसला. तीन दिवस. पहिल्या दिवशी जीप परत गेली, दुसऱ्या दिवशी आबांनीच सांगून त्याला चौकीत नेऊन बसवलं. तेव्हा त्याची बायको कळप घेऊन रस्त्यावर बसली. तिसऱ्या दिवशी तो सुटून आला आणि पुन्हा बसला. शेवटी इंजिनियर वैतागून खाली उतरला आणि म्हणाला, दाखव बाबा तुला काय दाखवायचंय ते. त्यानं बाभळ दाखवली. इंजिनियरनं चिंध्या मोजल्या, कागदावर काहीतरी लिहिलं आणि जागा बदलली. पूल गावाच्या तोंडाशी झाला. उद्घाटनाला हार आबांच्या गळ्यात पडला. दोन वर्षांनी मोठा पूर आला आणि खालच्या अंगाचा काठ सोयऱ्यांच्या बांधासकट वाहून गेला.

‘लोकायनं मग त्याची थट्टा लावली,’ आबा म्हणाले. ‘मेंढरानं पूल आणला म्हणायचे. त्यो दिसला की मेंढरावानी ओरडायचे. मी ओसरीवर बसून ऐकायचो. एकदा बी म्हणलं न्हाई की खरंय त्याचं. तसाच मेला त्यो.’

मी विचारलं, त्या बाईंना घरी जाऊन का सांगत नाही? आबांनी माझ्याकडं असं बघितलं की वर्गातल्या ढ पोराकडं मीही कधी बघितलं नसेल. ‘घरी सांगितलं तर ती म्हणंल, जाऊ द्या आबा. गावात हासलेत लोक, मंग गावातच सांगाया पायजे. त्या दिवशी सांगतच व्हतो. आता तुमी लिहा, मास्तर. पुढच्या ग्रामसभेत तुमीच येऊन वाचा. तुमच्या तोंडून मानपत्र ऐकलंय त्यायनं, तुमच्याच तोंडून हे ऐकू द्या.’

मी हो म्हणालो. घरी येऊन लिहिलंही, दीड पान. मग ते कपाटात ठेवलं. कारण काय सांगू? ते वाचायचं म्हणजे मी भर सभेत खोटं वाचलं होतं हे आधी सांगायचं. पंचक्रोशीत माझी जी काही इज्जत होती ती मानपत्राचीच होती. सरांचं एक मानपत्र खोटं निघालं म्हटल्यावर लोकांनी बाकीची काढून बघितली असती. एक ग्रामसभा गेली, लेकीच्या बाळंतपणाचं निमित्त होतं. दुसरी गेली, तेव्हा निमित्तही नव्हतं. आबांचा फोन आला की मी म्हणायचो, बघतो, येतो, पक्कं. तिसऱ्या वेळी त्यांनी फोन केला आणि काहीच बोलले नाहीत. फक्त त्यांचा श्वास ऐकू येत होता. मग ठेवून दिला.

त्यानंतरच्या उन्हाळ्यात आबा गेले.

शोकसभेचं सूत्रसंचालन माझ्याकडं आलं. दुसऱ्या कुणाकडं येणार? ते दीड पान मी खिशात घालून गेलो होतो. हे मी शपथेवर सांगतो, आणि माझ्या शपथेची किंमत काय तेही मला ठाऊक आहे. माझ्यासमोर सगळं गाव बसलं होतं, गप्प, कधी नव्हे ते ऐकणारं. आबांचा फोटो हार घालून ठेवलेला. मागं मोठा फ्लेक्स, त्यावर माझंच वाक्य छापलेलं : ‘ज्यांच्या अथक प्रयत्नांतून पूल उभा राहिला.’ मी खिशात हात घातला, कागदाला हात लागला. मग हात बाहेर काढला आणि म्हणालो, ‘आबा गेले, पण त्यांचा पूल उभा आहे.’ माणसं रडली. मीही रडलो, आणि रडताना माझा आवाज चांगला लागला होता हेही मला कळत होतं. असा मी माणूस आहे.

पुढं त्या पुलाच्या तोंडाला ग्रामपंचायतीनं काळा दगड बसवला. त्यावरही तेच वाक्य आहे. शुद्धलेखन तपासायला त्यांनी मजकूर माझ्याकडंच पाठवला होता. मी एक वेलांटी दुरुस्त करून दिली.

म्हणून त्या अमेरिकन आमदाराच्या शेवटच्या वाक्यावर माझा हात थांबला. दीडशे वर्षांपूर्वीचा तो माणूस आपल्या लोकांना मरेपर्यंत सांगत होता की पूल माझा नाही. कुणाचा आहे तेही त्यानं सांगितलं असेल. कदाचित नाव घेऊन सांगितलं असेल. आणि त्यांच्या गावातही कुणीतरी माझ्यासारखा असेल, ज्यानं ते नाव गाळलं आणि त्या जागी विनय लिहिला. हे मला सिद्ध करता येणार नाही. तो खरोखर विनयी असेलही. पण आता विनय हा शब्द मराठीत उतरवायला माझा हात धजत नाही.

दहा दिवस तसेच गेल्यावर, म्हणजे काल, मी ते दीड पान घेतलं, जिंतूरची एसटी धरली, पुढं जीपनं गेलो आणि त्या म्हातारीचं घर विचारत पोचलो. गावाच्या कडेला पत्र्याचं घर, दारात लिंब, बाजूला जाळीत चार-पाच शेळ्या. मेंढरं आता नाहीत. ती शेंगा फोडत बसली होती. मला तिनं ओळखलं. ‘आबायच्या पोग्रामाचे सर ना? या, बसा.’ पोतं झटकून टाकलं, आतून तांब्या आणून दिला.

मी म्हटलं, ‘मावशी, एक कागद वाचून दाखवायचा आहे.’ आणि वाचला. बाभळ, चिंध्या, इंजिनियर, चौकी, खचलेला काठ, सगळं. वाचताना आवाज चढवला नाही. शेवटी म्हणालो की आबांना हे गावासमोर सांगायचं होतं, त्यासाठीच त्यांनी तुम्हाला पुढं बसवलं होतं आणि मी त्यांच्या हातातून माइक काढून घेतला.

तिचा शेंगा फोडणारा हात थांबला होता. ‘म्हंजी आबा खरंच बोलायलते त्या दिवशी?’

‘खरंच बोलत होते.’

‘मला वाटलं थट्टा करायलेत,’ ती म्हणाली. ‘मालक जिते व्हते तव्हा करायचेच की सगळे. म्हणलं, आता मेल्यावर बी सोडीनात. सगळे हासायलते, म्हणून म्या बी हासले.’

मला तिच्याकडं बघवेना. शेळ्यांकडं बघत मी म्हणालो, ‘मावशी, माझं चुकलं. मी पुढच्या ग्रामसभेत हे वाचणार आहे. पण आधी तुमची माफी मागायला आलोय.’

ती ‘जाऊ द्या सर’ म्हणेल असं मला वाटत होतं. खरं सांगायचं तर ते ऐकायलाच मी इतक्या लांब गेलो होतो. तिनं माझ्याकडं बघितलंच नाही. ती दाराकडं बघत होती, जिथं कुणी नव्हतं.

‘चौकीतून सुटून आले तव्हा बी म्हणायचे, आपल्यामुळं झाला पूल. इंजिनेरानं मपल्या चिंध्या मोजल्या म्हणायचे. लेकरायला सांगाया बसायचे. अन् मी म्हणायची, गप बसा. लोकं हासतेत, तुमाला लाज न्हाई का.’ तिनं पदरानं तोंड पुसलं. ‘दवाखान्यात नेलं तव्हा जीप त्या पुलावर आली, तव्हा बी बोलाया लागले. म्या हात ठिवला त्यायच्या तोंडावर. ड्रायव्हर ऐकायलाय म्हणून.’

मी कागदाची घडी घातली आणि उठलो. ती उठली नाही. जीपला वेळ होता म्हणून पुलापर्यंत चालत आलो. आलो होतो तेव्हा चार वर्षांचं ओझं माझ्या एकट्याचं होतं. आता त्यातलं निम्मं मी तिच्या दारात, त्या शेंगांच्या टरफलांत ठेवून आलो होतो, आणि माझं मात्र तोळाभरही हलकं झालं नव्हतं.